संशयित कोण, हे कोण ठरवतं?

इंग्रज अमदानीतल्या रहस्यकथा अकरावी-बारावीच्या मुलांना वाचायला द्याव्यात की नाही, यावरून सध्या आमच्या किनाऱ्यावर चांगलीच जुंपली आहे. इंग्रजी शिकवणारे शिक्षक, वाचनालयांचे कार्यकर्ते, निवृत्त मुख्याध्यापक असे सगळेच त्यात उतरले आहेत. निमित्त झालं इंग्रज लेखक रोआल्ड डाल यांच्या १९५० सालच्या ‘पॉयझन’ या कथेचं. एका शिक्षकानं ती वर्गात वाचून घेतली. शेवटी एक गोरा माणूस हिंदी डॉक्टरला घाणेरडी वांशिक शिवी देतो. ती शिवी घरापर्यंत पोचली आणि वाद पेटला. एक बाजू म्हणते, आपल्याच मुलांना आपलाच अपमान वाचायला लावणारे हे शिक्षण कसलं, या कथा काढून टाका. दुसरी बाजू म्हणते, अहो, साधी थरारकथा आहे, तिच्यात राजकारण कशाला शोधता? दोन्ही बाजू तावातावानं बोलतात, आणि दोघांनीही कथा पुरती वाचलेली दिसत नाही.

माझं म्हणणं सुरुवातीलाच सांगून टाकतो. या कथा वाचल्या पाहिजेत, वर्गात वाचल्या पाहिजेत, आणि कोकणातल्या वर्गात तर आवर्जून वाचल्या पाहिजेत. पण करमणूक म्हणून त्या सोडून देता येणार नाहीत. रहस्यकथा वाचकाकडून एक काम करून घेते, ते दुसरा कुठलाही साहित्यप्रकार इतक्या उघडपणे करून घेत नाही. कोणावर विश्वास ठेवायचा आणि कोणावर संशय घ्यायचा, हे ती आपल्याला पहिल्या दोन पानांतच ठरवायला लावते. पुरावा हातात नसताना ठरवायला लावते. पुरावा नसताना माणूस ज्याच्या आधारानं ठरवतो, त्यालाच पूर्वग्रह म्हणतात. मग पूर्वग्रह रंगेहाथ पकडायला याहून चांगली जागा कुठली? आणि जो इंग्रजांच्या कथांना ही कसोटी लावेल, त्याला ती कोकणातल्या भुताखेताच्या गोष्टींनाही लावावी लागेल. या दुसऱ्या भागाची कोणाचीच तयारी दिसत नाही, म्हणून हा लेख.

आधी समोरच्यांचं खरं आहे ते मान्य करू. कथा नकोत म्हणणाऱ्यांच्या बोलण्यात एक मुद्दा फार वजनाचा आहे. वर्गात सगळी मुलं एकाच जागेवरून ऐकत नसतात. ज्याच्या आजीला विहिरीवर दोर धरू दिला नाही, हातात वरून पाणी ओतलं, त्या घरातला मुलगाही त्याच बाकावर बसलेला असतो. माणसाला जनावर म्हणणं म्हणजे काय, हे त्याला डाल यांच्याकडून शिकायचं नसतं. शिवी मोठ्यानं वाचली जाते तेव्हा धडा मिळतो बाकीच्यांना आणि किंमत मोजतो तो. या मुद्द्याला ‘हल्लीची मुलं फार नाजूक’ हे उत्तर होऊ शकत नाही. ते उत्तर देणारे बहुतेक वेळा स्वतः कधी त्या जागी बसलेले नसतात.

थरारकथा थरार म्हणूनच वाचा म्हणणाऱ्यांचंही बरंच पटतं. पात्राच्या तोंडची शिवी म्हणजे लेखकाचं मत नव्हे, हे खरंच आहे. वाईट माणसं नसलेलं साहित्य कोणाच्याही उपयोगाचं नाही. शिवाय वाचनालयात आज जी थोडीफार मुलं येतात, ती आधी रहस्यकथांच्याच कपाटाकडे वळतात. मीही तिथूनच वाचनाला लागलो. प्रत्येक गोष्टीच्या दारात चारित्र्याचा दाखला मागत उभं राहिलं तर ते कपाट ओस पडेल. मान्य.

आता कथा पाहू. बंगालमधला एक बंगला. मध्यरात्रीच्या सुमारास टिंबर वुड्स घरी परततो, तर त्याचा सोबती हॅरी पोप पलंगावर घामानं निथळत पडलेला. हालचाल नाही, आवाज नाही, ओठांतल्या ओठांत तो सांगतो की पांघरुणाखाली, पोटावर, मण्यार झोपली आहे. वुड्स डॉ. गांदरबाई या हिंदी डॉक्टरला फोन करतो. डॉक्टर तातडीनं येतो, चादर न हलवता हॅरीला लस टोचतो, मग सापाला गुंगी यावी म्हणून रबरी नळीतून चादरीखाली क्लोरोफॉर्म सोडतो. एकेक कृती इतक्या बारकाईनं सांगितली आहे की वाचकाची मान आखडते. शेवटी चादर दूर होते, आणि साप नसतो. डॉक्टर विचारतो, तुम्ही तो नक्की पाहिला होता ना? त्यावर हॅरी पलंगावर उभा राहून त्याला शिव्या घालतो. वुड्स मित्राला गप्प करतो, डॉक्टरला गाडीपर्यंत सोडतो, माफी मागतो. डॉक्टर म्हणतो, त्याला चांगल्या सुट्टीची गरज आहे, आणि निघून जातो.

खरं विष सापात नव्हतं, हॅरीच्या मनात होतं, हा अर्थ सगळे काढतात. तो बरोबर आहे आणि अपुरा आहे. त्या अर्थानं दोषी फक्त हॅरी ठरतो आणि वाचक हात झटकून मोकळा होतो. पण आपण श्वास रोखला होता तो कशाच्या जोरावर? साप कोणी पाहिला? वुड्सनं नाही, डॉक्टरनं नाही, आपणही नाही. पानंच्या पानं आपण एका गोऱ्या माणसाच्या शब्दावर काढली आणि तो शब्द तपासावा असं एकदाही मनात आलं नाही. आता तीच कथा उलटी करून पाहा. पलंगाच्या जागी स्वयंपाकघरातली फरशी, आणि तिच्यावर पडलेला बंगल्यातला नोकर सांगतो आहे की माझ्या पोटावर मण्यार आहे. साहेब मध्यरात्री गाडी काढेल? डॉक्टरला उठवेल? त्याहून महत्त्वाचं म्हणजे, वाचक तरी श्वास रोखेल? की ‘प्यायलेला असेल’ ही शक्यता दुसऱ्याच ओळीला मनात येईल? कथेतला सगळा ताण उभा आहे तो साहेबाचा शब्द हाच पुरावा या समजुतीवर. आणि हॅरी भडकतो तो नेमक्या कुठल्या क्षणी? साप निघाला नाही तेव्हा नव्हे. एका काळ्या माणसानं त्याला खरंखोटं विचारलं तेव्हा.

हा राग एका हॅरीचा नव्हता. १८८३ साली इल्बर्ट बिल आलं. जिल्ह्यांतल्या हिंदी न्यायाधीशांना युरोपियन आरोपींचे खटले चालवता यावेत, एवढंच त्यात मागितलं होतं. त्यावर हिंदुस्थानातल्या गोऱ्या समाजानं जे काहूर उठवलं, त्यापुढे सरकारला नमावं लागलं. १८८४ साली कायदा झाला तो असा की, युरोपियन आरोपी निम्मे तरी सभासद गोरे असलेली ज्युरी मागू शकेल. मुंबईच्या टाउन हॉलमधल्या सभेत काशिनाथ त्र्यंबक तेलंग, फिरोजशहा मेहता आणि बद्रुद्दीन तय्यबजी या बिलाच्या बाजूनं बोलले. न्यायाधीशाला कायदा कळतो का, हा वाद नव्हताच. हिंदी माणूस साहेबाला ‘तुम्ही खरं सांगताय का?’ असं विचारू शकतो का, हा वाद होता. गांदरबाईंनी सदुसष्ट वर्षांनी तोच प्रश्न विचारला. मधल्या काळात देश स्वतंत्र झाला होता. कथेतल्या पलंगावर मात्र ती बातमी पोचलेली नव्हती.

मण्यारीचं एक वास्तव आमच्याकडे सगळ्यांना माहीत असतं. ती रात्री हिंडते आणि तिचा दंश फार दुखत नाही. झोपेतल्या माणसाला कळतही नाही. पहाटे पोटात कळ येते, पापण्या जड होतात, आणि श्वास अडू लागेपर्यंत घरच्यांना वाटतं की अपचन झालं. हा दंश बहुतेक वेळा होतो तो जमिनीवर अंथरूण घालून झोपणाऱ्यांना. भारतात २००० ते २०१९ या वीस वर्षांत सर्पदंशानं सुमारे बारा लाख माणसं गेली असा संशोधकांचा अंदाज आहे, म्हणजे दरसाल सरासरी ५८ हजार. त्यांतली बहुसंख्य खेड्यांतली, शेतातली, जमिनीवर झोपणारी. मण्यारीचे खरे बळी ते, आणि जगभर गाजलेली मण्यारीची कथा मात्र पलंगावर पुस्तक वाचत पडलेल्या साहेबाची, ज्याला साप चावलाच नाही. डाल यांनी हे मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही. कोणाचा मरणाचा धोका ‘थरार’ ठरतो आणि कोणाचा फक्त आकडा, हे लेखकाच्या आधीच ठरून गेलेलं असतं.

डॉक्टरबद्दलही माझी एक तक्रार आहे, आणि ती कथेचं कौतुक करणाऱ्यांशी आहे. गांदरबाई शांत, कुशल, क्षमाशील. त्यांनी रागावलेलं कथेला चालत नाही. ते निघून जातात तेव्हा आपल्याला बरं वाटतं, कारण त्यांनी आपल्याला अवघडून टाकलं नाही. खरे डॉक्टर असे फक्त सोसून जात नाहीत. रायगड जिल्ह्यातल्या महाडला डॉ. हिंमतराव बावस्करांनी लाल विंचवाच्या दंशानं दगावणाऱ्या रुग्णांच्या उशाशी रात्रीच्या रात्री काढल्या, हृदयावर काय परिणाम होतो ते टिपलं, प्राझोसिन हे रक्तदाबाचं औषध त्यावर चालतं हे दाखवलं आणि ते निष्कर्ष ‘लॅन्सेट’मध्ये छापून आणले. कोकणातल्या एका छोट्या दवाखान्यातली निरीक्षणं जगातल्या डॉक्टरांनी वापरली. त्यासाठी त्यांना विचारतच राहावं लागलं. वर्गात ‘पॉयझन’ शिकवताना हा डॉक्टर मुलांना सांगायलाच हवा, नाहीतर गांदरबाईंचं मुकाट निघून जाणं हाच आदर्श म्हणून त्यांच्या मनात राहील.

आता ‘साधी थरारकथा’ म्हणणाऱ्यांकडे वळतो. आर्थर कॉनन डॉयल यांच्या शेरलॉक होम्सच्या कथा मराठी वाचकाला घरच्यासारख्या. १८९२ सालच्या ‘स्पेकल्ड बँड’मध्ये खलनायक डॉ. रॉयलॉट हिंदुस्थानातून विषारी साप आणून सावत्र मुलीचा खून करतो. साप दूध पितो, शिटीवर येतो, दोरावरून चढतो-उतरतो. सापाबद्दल असल्या समजुती बाळगणाऱ्या खेडुताला आपण अडाणी म्हणतो, पण लंडनमध्ये त्या शास्त्र म्हणून खपल्या. ते सोडा. याच कथेत सुरुवातीला एक वाक्य येतं की रॉयलॉटनं कलकत्त्याला असताना घरात चोरी झाली म्हणून आपल्या हिंदी बटलरला मरेपर्यंत मारलं, फाशी थोडक्यात चुकली आणि तो तुरुंगवास भोगून मायदेशी आला. म्हणजे कथेतला पहिला खून हिंदी माणसाचा आहे. तो कोणी केला हे माहीत आहे, म्हणून त्यात रहस्य नाही, म्हणून त्याला नाव नाही. खुनी किती तापट आहे, हे दाखवण्यापुरता तो बटलर मरतो. मी ही कथा शाळेपासून कितीतरी वेळा वाचली आहे आणि ज्यांच्याशी बोललो त्यांतल्या एकालाही तो बटलर आठवत नव्हता. ‘साध्या’ थराराची ताकद ती हीच. कोणाचा मृत्यू लक्षात ठेवायचा आणि कोणाचा ओलांडून पुढे जायचं, हे ती आपल्याला न सांगता शिकवते.

रुडयार्ड किपलिंग मुंबईत जन्मलेले. त्यांच्या १८९० सालच्या ‘द मार्क ऑफ द बीस्ट’मध्ये एक दारू प्यालेला इंग्रज हनुमानाच्या मूर्तीच्या कपाळावर चिरूट विझवतो, देवळातला महारोगी त्याला शाप देतो, आणि मग त्याचे दोघं मित्र त्या महारोग्याला पकडून तापलेल्या बंदुकीच्या नळ्यांनी त्याचा छळ करतात. तिथे निवेदक सांगतो की हा भाग छापायचा नाही. शापाचं वर्णन सविस्तर, छळाच्या जागी मोकळी जागा. डब्ल्यू. डब्ल्यू. जेकब्ज यांच्या १९०२ सालच्या माकडाच्या पंजाच्या गोष्टीतही अरिष्ट इंग्रजाच्या घरात शिरतं ते हिंदुस्थानातल्या फकिराकडून, पलटणीतल्या सार्जंट मेजरच्या खिशातून. एका पिढीच्या लेखकांनी धोका नेहमी बोटीतून पूर्वेकडूनच येताना पाहिला.

बोटीचा विषय निघाला की गोष्ट थेट आमच्या अंगणात येते. होम्सच्याच १८९१ सालच्या ‘ट्विस्टेड लिप’ या कथेत लंडनमधल्या अफूच्या अड्ड्याचा मालक एक ‘लास्कर’ आहे, म्हणजे पूर्वेकडचा खलाशी. एक सभ्य गृहस्थ त्या इमारतीत नाहीसा होतो. त्याची बायको वर धावते तर लास्कर तिला ढकलून बाहेर काढतो. होम्सच त्याला बदमाश म्हणतो, त्याचा पूर्वेतिहास वाईट असल्याचं सांगतो. वाचकाची खात्री पटते. मग उलगडा होतो की खून झालेलाच नाही. गृहस्थ स्वतःच चेहरा रंगवून, लंगडा भिकारी बनून लंडनच्या रस्त्यावर भीक मागत होता, त्यातच त्याची चांगली कमाई होत होती. लास्करनं काय केलं होतं? भाड्यानं खोली दिली होती आणि दिलेला शब्द पाळून गुपित कोणाला सांगितलं नव्हतं. साऱ्या कथेत शब्दाला जागणारा तो एक. शेवटी त्याची माफी कोणी मागत नाही, होम्सही नाही, आणि वाचकालाही ती मागावी असं वाटत नाही. तो पानावरून नुसता गळून पडतो.

हे लास्कर कोण होते? पी. अँड ओ.सारख्या कंपन्यांच्या आगबोटींवर डेकचं काम करणारे कितीतरी खलाशी आपल्या रत्नागिरीच्या किनाऱ्यावरचे होते. दापोली, गुहागर, राजापूरकडच्या खाड्यांतली माणसं. मोहल्ल्यांतली पुष्कळ, पण सगळी तिथलीच नव्हेत. सारंग, टिंडल, तांडेल हे हुद्दे बोटीवरून घराघरांत आले आणि काहींची आडनावं झाले. पगार गोऱ्या खलाशाच्या मानानं अगदीच तुटपुंजा, निजायला जागा अपुरी. लंडनच्या गोदीत काम सुटलं आणि परतीची बोट मिळाली नाही तर थंडीत रस्त्यावर. अशा लोकांसाठी लाइमहाउसला १८५७ साली खास आसराघर उघडावं लागलं, इतकी ती संख्या होती. खाडीकाठच्या एका घरात मी अशा एका खलाशाच्या नोकरीचं जुनं पुस्तक पाहिलं आहे. पानं खारट हवेनं तपकिरी झालेली. सहीच्या जागी डाव्या अंगठ्याचा ठसा, आणि प्रत्येक फेरीपुढे वर्तणुकीच्या रकान्यात तोच एक शिक्का, ‘व्हेरी गुड’. घरच्यांनी ते प्लॅस्टिकच्या पिशवीत, रेशनकार्डाच्या खाली जपून ठेवलं आहे. कंपनीच्या दप्तरात उत्तम वर्तणुकीचा ठरलेला माणूस त्याच शहरात छापलेल्या मासिकात जन्मजात बदमाश असतो. वाचकांना यातलं कुठलं पान मिळालं? आणि दापोलीच्या वाचनालयात तीच कथा वाचणारा सारंग आडनावाचा मुलगा खलनायक म्हणून कोणाकडे बोट दाखवतो आहे, हे त्याला कोणी कधी सांगितलं? या कथा कोकणात आवर्जून वाचायला हव्यात असं मी म्हणतो ते यासाठी. त्या आपल्याच माणसांविषयी आहेत.

मग त्या काढून टाकण्यानं काय साधेल? २०२३ साली डाल यांच्या मुलांच्या पुस्तकांतले खटकणारे शब्द प्रकाशकानं बदलले, जगभर गदारोळ झाला आणि मूळ संहितेची आवृत्तीही चालू ठेवू असं त्याला जाहीर करावं लागलं. शब्द बदलणाऱ्यांचा हेतू वाईट होता असं मला वाटत नाही. पण शब्द खरवडून या कथांतला पूर्वग्रह निघत नाही. ‘ट्विस्टेड लिप’मधली लास्करची सगळी विशेषणं काढून टाका, संशय तरी त्याच्यावरच राहील, कारण त्याला तिथं उभंच मुळी संशयासाठी केलं आहे. ‘पॉयझन’मधली शिवी गाळली तर उलट कथेतला एकमेव उघड पुरावा नाहीसा होईल, आणि साहेबाच्या शब्दावरचा आपला भाबडा विश्वास तेवढा शिल्लक राहील.

आणि पुस्तक काढलं तरी त्यानं रुजवलेली नजर जागच्या जागी राहते. कान्होजी आंग्रे मराठी आरमाराचे सरखेल. त्यांच्या मुलखातून जाणाऱ्या जहाजांनी दस्तक म्हणजे परवाना घ्यावा, जकात भरावी, हा त्यांचा आग्रह. दोनशे वर्षं आधीपासून पोर्तुगीज याच समुद्रावर ‘कार्ताझ’ नावाचे परवाने विकत होते, परवाना नसलेलं जहाज लुटत होते, आणि त्याला ते कायदा म्हणत होते. कान्होजींनी तेच केलं तेव्हा इंग्रजांच्या कागदांत ते चाचे झाले. कान्होजींच्या मागे, १७५५ साली, इंग्रजांच्या कमोडोर जेम्सनं आंग्र्यांचा सुवर्णदुर्ग घेतला. त्या पराक्रमाची आठवण म्हणून १७८४ साली लंडनजवळच्या शूटर्स हिलवर ‘सेव्हर्नड्रूग’ नावाचा मनोरा उभा राहिला, तो आजही आहे. १७५६ साली विजयदुर्गावर वॉटसन आणि क्लाइव्ह चालून गेले, तर लुटीचे वाटे कसे करायचे हे त्यांनी मुंबईतून निघण्याआधीच ठरवून घेतलं होतं. चाच्यांचा बीमोड करायला निघालेल्यांचं हे वर्तन. (या दोन्ही स्वाऱ्यांत पेशवे इंग्रजांच्या बाजूला होते, ही आपली लाज आहे आणि ती लपवायचं कारण नाही.) आज कितीतरी इंग्रजी साहसकथांत आंग्रे चाचेच आहेत. त्या जाळून ‘चाचा’ हा शिक्का पुसला जाणार नाही. तो शिक्का कोणी, केव्हा आणि कशासाठी मारला, हे कळलं तरच तो सैल होतो.

इथवर माझ्याशी सहमत होणारे पुष्कळ भेटतात. पुढचं बोललो की मात्र चेहरे बदलतात.

आपल्या पडवीत सांगितली जाणारी गोष्ट घ्या. मूल तापानं फणफणलेलं, गाईचं दूध आटलेलं, सकाळी उंबऱ्यावर टाचण्या टोचलेलं लिंबू. सांगणारा थांबतो, आवाज खाली आणतो. आणि संशय कोणावर जातो? खोतावर? पोलीस पाटलावर? कधीच नाही. तो जातो गावकुसाशी एकट्या राहणाऱ्या बाईवर, डोंगरातून कांबळं पांघरून उतरणाऱ्या भगतावर, कातकरवाडीवर, खालच्या वाडीतल्या कोणावर तरी. कातकरी वर्षाचे कितीतरी महिने वीटभट्टीवर राबतो, त्याच्या नावावर बहुधा गुंठाभर जमीन नसते, गावच्या बैठकीत त्याला विचारत नाहीत. गोष्टीत मात्र अख्ख्या गावाचं आयुष्य त्याच्या मुठीत असतं. जेकब्जचा फकीर आणि आपला भगत यांत फरक काय राहिला? आणि हडळ म्हणजे कोण? बाळंतपणात गेलेली बाई. पावसात डोलीतून नेताना वाटेत गेलेली, सुईणीला उलगडलं नाही म्हणून गेलेली. तिच्याविषयी आपण शेकडो थरारकथा रचल्या, आणि दवाखाना इतका लांब का होता हा प्रश्न त्यांतल्या एकाही गोष्टीत कोणी विचारत नाही. रॉयलॉटच्या बटलरला आपण ओलांडून पुढे जातो, तसंच तिच्या मरणालाही.

काही वर्षांपूर्वी एका मराठी मालिकेत कोकण म्हणजे भुताखेतांचा मुलूख असं दिसलं तेव्हा सिंधुदुर्गात लोक संतापले, निषेध झाले. संताप योग्यच होता. मुंबईनं कोकणाकडे तसंच पाहिलं, जसं लंडननं हिंदुस्थानाकडे पाहिलं: सुंदर, मागासलेलं, रात्री भीतिदायक. पण हीच नजर गावातून कातकरवाडीकडे जाते तेव्हा तो संताप कुठे असतो?

यावरचा आक्षेप मला ठाऊक आहे, आणि तो पोकळ नाही. साम्राज्याच्या हातात तोफा होत्या, न्यायालयं होती, छापखाने होते. पडवीत बसलेल्या आजोबांच्या हातात काय आहे? दोन्ही एका तराजूत घालणं म्हणजे साम्राज्याचं पाप हलकं करणं नाही का? फरक आहे, मोठा आहे, आणि तो मुलांना सांगितला पाहिजे. पण ज्या बाईला चेटकीण ठरवून मारलं, वाळीत टाकलं, तिला त्यासाठी तोफेची गरज पडली नाही. पडवीतली गोष्ट पुरली. तसं नसतं तर २०१३ साली, डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर, महाराष्ट्राला जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला नसता. आणि या दोन नजरा एकमेकींना अनोळखी नव्हत्याच. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, १९११ साली तो देशभर लागू होण्यासारखा केला, आणि अख्ख्या जमाती जन्मतः संशयित ठरवल्या. कोणती जमात चोर, हे साहेबाला सांगायला गावचे प्रतिष्ठित पुढे झाले होते. कायदा १९५२ साली गेला. गावात चोरी झाली की पहिली चौकशी कुठल्या वस्तीत होते, ते आजही बदललेलं नाही.

म्हणून त्या शिक्षकांना माझं सांगणं आहे की ‘पॉयझन’ वाचा, पण शिवीचं वाक्य मोठ्यानं वाचू नका. मुलांनी ते मनात वाचावं, म्हणजे सुरुवातीला मान्य केलेली किंमत कोणा एकाला मोजावी लागणार नाही. चादर दूर होण्याआधी पुस्तक मिटा आणि विचारा, साप आहे असं कशावरून वाटतं? लास्करची कथा वाचाल तेव्हा घरातलं, शेजारचं कोण बोटीवर गेलं होतं ते मुलांना विचारून यायला सांगा. आणि त्यानंतर प्रत्येकानं आपल्या गावातली एक भुताची गोष्ट आणावी. ती मध्यावर थांबवून, बिननावाच्या चिठ्ठीवर लिहावं की आपला संशय कोणावर गेला आणि तो माणूस कुठल्या वाडीत राहतो. चिठ्ठ्या एकत्र करा आणि वाड्यांची नावं न वाचता फक्त मोजणी सांगा. किती संशय गावाच्या मधोमध पडला आणि किती कडेला, एवढं पुरे.

त्या दिवशीही घराघरांत कुजबुज होईल आणि पालक तक्रार घेऊन येतील. या खेपेला ती इंग्रजाविरुद्ध नसेल. आज शाळेच्या दारात उभे राहून देशाचा अपमान झाला म्हणणाऱ्यांनी, आणि तेवढ्याच हिरिरीनं वाचनस्वातंत्र्याची बाजू मांडणाऱ्यांनीही, तेव्हा त्या शिक्षकाच्या शेजारी उभं राहावं.